हरवलेल्या दहा कुळांची गोष्ट

जत्रेत पोर हरवते. आईच्या हातातला हात सुटतो आणि गर्दीत पोर दिसेनासे होते. मग कशी धावपळ उडते, ते तुम्ही पाहिले आहे. कोणी म्हणते, "पाळण्यापाशी बघितलं." कोणी म्हणते, "नदीकडं गेलं." कोणी म्हणते, "एका बाईनं कडेवर घेतलं होतं." आई प्रत्येकाच्या सांगण्यावर धावते. सांगणारा खरे बोलतो की उगाच बोलतो, हे पाहायला तिला सवड नसते.

हे झाले एका पोराचे. पण एका देशातली दहा कुळेच्या दहा कुळे हरवली तर? अशी एक गोष्ट जगात आहे. ती सुमारे २,७०० वर्षांपूर्वीची आहे. त्या कुळांचा शोध लोक अजून करतात.

इथे कूळ म्हणजे जमीन कसणारे कूळ नव्हे, बरे का. एका मूळपुरुषाची सारी लेकरे-नातवंडे, पुढची पिढ्यान्‌पिढ्यांची भावकी, तिला इथे कूळ म्हटले आहे.

तुम्ही म्हणाल, "इतक्या लांबच्या, इतक्या जुन्या गोष्टीचं आम्हांला काय?" तर ऐका. या गोष्टीपायी राजांनी परक्या माणसाला मानाने दरबारात घेतले. या गोष्टीपायी एक तरुण जिवंत जाळला गेला. एका देशाचे साडेतीनशे वर्षे बंद असलेले दार उघडले. विमाने भरभरून माणसे एका मुलखातून दुसऱ्या मुलखात गेली. आणि या गोष्टीचा एक धागा आपल्या अलिबागच्या किनाऱ्याला येऊन पोचतो. म्हणून ही गोष्ट नीट समजून घेऊ.

बारा भाऊ, बारा वाटे

अरबस्तानाच्या वायव्येला भूमध्य समुद्र आहे. त्याच्या काठाला एक चिंचोळा देश आहे. ज्यू लोकांचा हा जुना देश. ज्यू लोकांना आपण यहुदीही म्हणतो. त्यांचा एक पवित्र ग्रंथ आहे. ख्रिस्ती लोकही तो बायबलचा जुना करार म्हणून मानतात.

या ग्रंथात याकोब नावाच्या पुरुषाची कथा आहे. त्याचेच दुसरे नाव इस्राएल. त्याला बारा मुलगे झाले. प्रत्येकाचे एक कूळ झाले. रऊबेन, शिमोन, यहूदा, दान, नफताली, गाद, आशेर अशी त्यांची नावे. लेवीच्या वंशजांकडे देवाची पूजाअर्चा आली. त्यांना जमिनीचा वाटा नव्हता. योसेफाचा वाटा त्याच्या दोन मुलांना मिळाला. त्यांची नावे एफ्राइम आणि मनश्शे. अशा रीतीने जमिनीचे वाटे बाराच राहिले.

पुढे या बाराही कुळांचे एक राज्य झाले. शलमोन राजा फार वैभवाचा. त्याने जेरुसलेम शहरात मोठे देऊळ बांधले. पण देऊळ आणि वाडे बांधायला पैसा लागतो, माणसे लागतात. त्याने कर बसवले, वेठ लावली. तो वारल्यावर लोक त्याच्या मुलाकडे गेले. म्हणाले, "आमच्या मानेवरचं जू हलकं करा." मुलाने ऐकले नाही. उलट जू आणखी जड करीन म्हणाला. तेव्हा उत्तरेकडची दहा कुळे फुटून निघाली. त्यांनी आपले वेगळे राज्य केले. त्याला इस्राएलाचे राज्य म्हणत. शोमरोन ही त्याची राजधानी झाली. दक्षिणेला यहूदाचे लहान राज्य उरले. जेरुसलेम ही त्याची राजधानी राहिली.

ग्रंथ असे सांगतो. ही झाली ग्रंथातली कथा. यापुढच्या गोष्टीला मात्र दगडावर कोरलेला पुरावा आहे.

उपटलेली माणसे

त्या काळी असिरिया नावाचे एक बलाढ्य राज्य होते. आजच्या इराक देशाच्या उत्तर भागात त्याचे ठाणे होते. असिरियाचे सैन्य चाल करून आले. इ.स.पू. ७२२ च्या सुमारास शोमरोन पडले. इस्राएलाचे राज्य बुडाले.

असिरियाच्या राजांची एक रीत होती. जिंकलेल्या मुलखातली माणसे ते उचलून दूरच्या मुलखात नेऊन बसवीत. त्यांच्या जागी तिसऱ्याच मुलखातली माणसे आणून ठेवीत. असे का करीत? शेतकऱ्याला हे समजावून सांगायला नको. ज्याची जमीन गेली, ज्याचा गाव गेला, ज्याला शेजारी कोण तेही ठाऊक नाही, तो माणूस बंड काय करणार?

सार्गोन राजाने आपल्या वाड्यात हे कोरून ठेवले आहे. शोमरोनातून आपण २७,२९० माणसे नेली, असे तो लेख सांगतो. राजे लोक आपली फुशारकी मारतात, हे लक्षात ठेवू. तरी पण लोकांना नेले, ही गोष्ट खरी.

मग दहाही कुळे गेली का? नाही. तो आकडा मोठा आहे, पण सबंध राज्याची वस्ती त्याहून किती तरी जास्त होती. पुष्कळ लोक आपल्या शेतावरच राहिले. काही दक्षिणेला जेरुसलेमकडे पळाले. खोदकामात असे दिसले आहे, की त्याच सुमारास जेरुसलेम शहर एकदम वाढले. मागे राहिलेल्यांचे वंशज म्हणवणारे शोमरोनी लोक आजही आहेत. ते थोडेच आहेत, हजारसुद्धा नाहीत. पण त्यांनी आपला ग्रंथ आणि आपला सण सोडलेला नाही.

ज्यांना नेले, त्यांचे काय झाले? ते तिथल्या लोकांत मिसळून गेले असावेत. त्यांच्या मुलांनी तिथली भाषा घेतली. नातवंडांची लग्ने तिथेच झाली. ओढ्याचे पाणी नदीला मिळाले, की पुढे ते वेगळे दाखवता येत नाही. 'हरवली' या शब्दाचा साधा अर्थ एवढाच.

आता दक्षिणेकडच्या राज्याचे पाहा. त्याच्यावरही तीच पाळी आली. इ.स.पू. ५८६ च्या सुमारास बाबिलोनच्या राजाने जेरुसलेम पाडले. देऊळ जाळले. पुष्कळ लोकांना धरून नेले. पण हे लोक हरवले नाहीत. पन्नासएक वर्षांनी इराणच्या कोरेश राजाने बाबिलोन जिंकले आणि त्यांना घरी जायची मोकळीक दिली. तेव्हा पुष्कळ लोक परत आले. त्यांना आपण कोण हे माहीत होते. असे कसे झाले? एक तर त्यांना परतायची संधी लवकर मिळाली. दुसरे असे, की परमुलखात त्यांनी आपल्या कथा, आपले कायदे, आपल्या वंशावळी लिहून जपल्या, असे अभ्यासक म्हणतात. दर सात दिवसांनी शनिवारी काम बंद ठेवायचे, हा नेम त्यांनी पाळला. आजचे बहुतेक ज्यू स्वतःला याच लोकांचे वंशज मानतात.

गोष्ट वाढत गेली

दहा कुळे मिसळून गेली, हे उत्तर लोकांना गोड वाटले नाही. कोणाला वाटेल? आपले भाऊ कुठे तरी सुखात आहेत, राज्य करताहेत, एक दिवस सैन्य घेऊन येतील, असे मानणे जास्त गोड. ज्यूंना पुढे देशोदेशी फार छळ सोसावा लागला. छळ होणाऱ्याला आशा लागते. म्हणून गोष्ट वाढत गेली.

लोक सांगू लागले, की ती कुळे सांबत्यान नावाच्या नदीपलीकडे आहेत. ही नदी पाण्याबरोबर दगडधोंडे उधळते. आठवड्याचे सहा दिवस तिच्यात पाऊल घालता येत नाही. शनिवारी मात्र ती थांबते. पण शनिवारी ज्यू माणसाने प्रवास करायचा नाही! म्हणजे जायची सोयच नाही. गोष्ट रचणारा मोठा चतुर होता. नदी कोणी पाहिली नाही, आणि का पाहिली नाही याचे उत्तरही गोष्टीतच ठेवून दिले.

नवव्या शतकात एल्दाद नावाचा एक प्रवासी उत्तर आफ्रिकेत आला. "मी हरवलेल्या दान कुळातला. आमची चार कुळे आफ्रिकेत राज्य करतात," असे त्याने सांगितले. लोकांनी ते लिहून घेतले. हे एल्दादचे नाव ध्यानात ठेवा. हजार वर्षांनंतर त्याच्या बोलण्याचे काय झाले, ते पुढे येणार आहे.

राजाच्या भावाचे सोंग

आता युरोपात चला. इ.स. १५२४ साली रोम शहरात एक ठेंगणा, काळासावळा माणूस पांढऱ्या घोड्यावर बसून आला. नाव दावीद रऊबेनी. तो म्हणाला, "अरबस्तानाच्या वाळवंटात हरवलेल्या कुळांचं राज्य आहे. माझा भाऊ तिथला राजा. आमच्याकडं तीन लाख माणसं आहेत. तुम्ही आम्हांला बंदुका-तोफा द्या. आपण मिळून तुर्कांशी लढू."

पोप म्हणजे रोमच्या ख्रिस्ती लोकांचा सर्वांत मोठा धर्मगुरू. त्याने रऊबेनीला भेट दिली. पोर्तुगालच्या राजाच्या नावे पत्र दिले. १५२५ साली पोर्तुगालच्या राजानेही त्याचा मान ठेवला. एवढे मोठे लोक फसले कसे? त्या वेळी तुर्कांचे सैन्य युरोपात घुसत होते. तुर्कांच्या पाठीवर वार करील असा सोबती त्यांना हवाच होता. गरजवंताला अक्कल नसते, म्हणतात ते राजालाही लागू पडते.

पण या सोंगाची किंमत दुसऱ्यांनी मोजली. पोर्तुगालमधल्या ज्यूंना १४९७ साली जबरीने ख्रिस्ती केले होते. ते वरून ख्रिस्ती, आतून ज्यू असे भीत भीत जगत होते. रऊबेनीला पाहून त्यांना वाटले, आला आपला सोडवणारा! राजाच्या कचेरीत चाकरी करणारा एक तरुण होता. त्याने उघडपणे ज्यू धर्म घेतला. सलोमन मोल्को असे नाव घेतले. १५३२ साली तो आणि रऊबेनी दोघे मिळून बादशहा पाचव्या चार्ल्सकडे गेले. बादशहाने दोघांना बेड्या घातल्या. ख्रिस्ती धर्म सोडला म्हणून मोल्कोला इटलीत मांतुआ गावी जिवंत जाळले. रऊबेनीला स्पेनला नेले. तिथे त्याला तुरुंगात ठेवले.

बंद दार उघडले

त्याच गोष्टीने पुढच्या शतकात एक चांगले काम केले. इंग्लंडच्या राजाने १२९० साली सगळ्या ज्यूंना देशाबाहेर घालवले होते. तेव्हापासून तिथे कोणा ज्यूला उघडपणे राहता येत नसे.

१६४४ साली अ‍ॅमस्टरडॅम शहरात मोंतेझिनोस नावाचा एक प्रवासी आला. तो दक्षिण अमेरिकेतून आला होता. त्याने शपथ घेऊन सांगितले, "तिथल्या डोंगरात मला इस्राएलाची माणसं भेटली. त्यांनी आपली प्रार्थना म्हणून दाखवली." हे ऐकायला मनश्शे बेन इस्राएल नावाचा विद्वान धर्मगुरू बसला होता. त्याने १६५० साली यावर 'इस्राएलाची आशा' या नावाचे पुस्तक काढले. त्याचे म्हणणे असे: ज्यू लोक पृथ्वीच्या टोकापर्यंत पांगल्यावरच देव त्यांना सोडवील, असे ग्रंथात आहे. आता अमेरिकेतही ते सापडले. एक इंग्लंड तेवढे राहिले.

इंग्लंडमधले पुष्कळ भाविक ख्रिस्तीही असल्या खुणांची वाट पाहत होते. पुस्तक तिथे वाचले गेले. १६५५ साली मनश्शे स्वतः लंडनला गेला. त्या वेळी इंग्लंडात राजा नव्हता. क्रॉमवेलच्या हाती सत्ता होती. क्रॉमवेलने डिसेंबरात सभा बोलावली. कायदेपंडित म्हणाले, ज्यूंनी येऊ नये असा कायदा कुठे नाही. व्यापाऱ्यांनी आणि पाद्र्यांनी कुरकूर केली. सभा निकाल न देता उठली. पण पुढच्याच वर्षी लंडनच्या ज्यूंना उघड प्रार्थना करता आली. मेलेल्या माणसाला पुरायला जमीन मिळाली. दार किलकिले झाले, ते पुन्हा बंद झाले नाही.

मनश्शेला उघड फर्मान हवे होते. ते मिळाले नाही म्हणून तो निराश होऊन परतला आणि १६५७ साली वारला. अमेरिकेच्या डोंगरात दहा कुळे नव्हतीच. क्रॉमवेलला ज्यूंच्या व्यापाराचीही गरज होती, हेही खरे. तरी एका चुकीच्या बातमीने हजारो लोकांना आसरा मिळवून द्यायला हातभार लावला.

दुसऱ्याच्या पूर्वजांचे काम

पण हीच गोष्ट दुसऱ्या ठिकाणी कशी वापरली गेली, तेही पाहा. उत्तर अमेरिकेत नद्यांच्या खोऱ्यांत मातीचे मोठमोठे उंचवटे आहेत. काही गोल, काही चौकोनी, काही सापासारखे वळणाचे. ते माणसांनी बांधलेले आहेत. युरोपातून गेलेल्या गोऱ्या वसाहतवाल्यांनी ते पाहिले. तिथल्या मूळ रहिवाशांच्या बापजाद्यांनी हे बांधले असेल, हे त्यांना पटेना. मग कोणी म्हणाले, हे दुसऱ्याच कोण्या लोकांचे काम. कोणी म्हणाले, हरवलेल्या दहा कुळांचे काम.

यात कोणाचा फायदा होता? नीट विचार करा. 'हे उंचवटे तुमच्या पूर्वजांचे नाहीत' असे ठरले, की 'ही जमीनही तुमची नाही' असे म्हणणे सोपे जाते. १८३० साली अमेरिकेत कायदा झाला. त्या आधारे मूळ रहिवाशांना त्यांच्या गावांतून उठवून पश्चिमेला हाकलले. वाटेत हजारो माणसे मेली. तो कायदा जमिनीच्या हावेने झाला. पण असल्या गोष्टींनी त्या हावेला निमित्त पुरवले. पुढे १८९४ साली सरकारी संशोधकांचा मोठा अहवाल निघाला. खोदकाम करून त्यांनी दाखवून दिले, की हे उंचवटे मूळ रहिवाशांच्या पूर्वजांनीच बांधले. खरे बाहेर आले. पण गेलेली जमीन परत आली नाही.

नवगावचा किनारा

आता आपल्या कोकणात येऊ. रायगड जिल्हा, म्हणजे पूर्वीचा कुलाबा. तिथे अलिबागजवळ नवगाव आहे. बेने इस्राएल समाजाची माणसे सांगतात, की फार पूर्वी त्यांच्या पूर्वजांचे गलबत इथल्या समुद्रात फुटले. सात पुरुष आणि सात बायका तेवढ्या वाचल्या. बुडालेल्यांना त्यांनी नवगावला पुरले. बेने इस्राएल म्हणजे इस्राएलाची लेकरे.

या लोकांचे ग्रंथ बुडाले. भाषा विसरली. ते मराठी बोलू लागले. तेलाचा घाणा चालवू लागले. पण शनिवारी ते घाणा जुंपत नसत. म्हणून गावकरी त्यांना 'शनवार तेली' म्हणत. मुलाची सुंता आठव्या दिवशी करीत. 'शमा इस्राएल' ही प्रार्थना त्यांना आठवत होती. गावावरून त्यांची आडनावे पडली. किहीमकर, पेणकर, दिवेकर, नवगावकर अशी.

त्यांच्यात आणखी एक कथा आहे. दावीद राहाबी नावाचा एक ज्यू विद्वान कोकणात आला. हे लोक खरेच आपले का, हे त्याला पाहायचे होते. त्याने बायकांपुढे तऱ्हेतऱ्हेचे मासे ठेवले. बायकांनी पर आणि खवले असलेले मासे तेवढे निवडून घेतले. बाकीचे बाजूला सारले. "हे आम्ही खात नाही," म्हणाल्या. ज्यूंच्या धर्माचा हाच नियम आहे. राहाबीने त्यांना आपले मानले. त्यांच्यातल्या तिघांना शिकवून तयार केले. त्यांना काजी म्हणत.

१७९६ साली या समाजाने मुंबईत पहिले प्रार्थनामंदिर बांधले. सॅम्युएल दिवेकर यांनी ते बांधवले. एलियाहू पैगंबराच्या नावाने हे लोक मलिदा करतात. त्यात भिजवलेले पोहे, खोबरे, साखर आणि फळे असतात. मराठीतून कीर्तनेही करतात.

हे लोक त्या दहा कुळांतले का? तसे काही पाद्र्यांनी एकोणिसाव्या शतकात लिहिले. समाजाचे इतिहासकार हाईम सॅम्युएल किहीमकर यांनी १८९७ साली मोठा इतिहास लिहिला. त्यांच्या मते पूर्वज आले ते फार नंतर, इ.स.पू. दुसऱ्या शतकात, छळातून पळून. २०१६ साली रक्ताच्या तपासणीवरून झालेला एक अभ्यास छापून आला. त्यात दिसले, की या लोकांच्या रक्तात पश्चिमेकडच्या ज्यूंचाही अंश आहे आणि इथल्या लोकांचाही आहे. पण कूळ कोणते, दान की रऊबेन, हे रक्त सांगत नाही.

"आजीची आजी कोण?"

१९४८ साली इस्राएल देश झाला. बेने इस्राएल समाजातले हजारो लोक तिकडे गेले. आपल्याच घरी चाललो, असे त्यांना वाटले. पण तिथे गेल्यावर काय झाले? १९६२ साली तिथल्या वरिष्ठ धर्मगुरूंनी एक हुकूम काढला. बेने इस्राएल माणूस लग्न नोंदवायला आला, तर त्याची आई, आजी, तिच्या मागची आजी ज्यू होती का, याची चौकशी करावी, असा तो हुकूम होता.

विचार करा. पिढ्यान्‌पिढ्या घाणा शनिवारी बंद ठेवला, शेजाऱ्यांनी शनवार तेली नाव ठेवले, आणि आता विचारतात, तुम्ही कोण? लोक चिडले. त्यांनी निदर्शने केली. १९६४ साली जेरुसलेममध्ये ठिय्या देऊन बसले. बायकामुलेही बसली. शेवटी ऑगस्टमध्ये तिथली लोकसभा खास भरली. हे लोक सर्व बाबतींत ज्यू आहेत, त्यांचे हक्क इतरांइतकेच आहेत, असे सरकारने सांगितले. धर्मगुरूंनी हुकुमातून बेने इस्राएल हे नाव काढले.

आता एल्दादकडे परत जाऊ. आफ्रिकेतल्या इथिओपिया देशात बेटा इस्राएल नावाचे गरीब लोक राहत. ते शनिवार पाळत. त्यांना हिब्रू भाषा येत नव्हती. पुष्कळ अभ्यासकांच्या मते ते मूळचे तिथलेच. पण एल्दादने आफ्रिकेतल्या दान कुळाची कथा सांगून ठेवली होती. सोळाव्या शतकात एका मोठ्या धर्मगुरूने बेटा इस्राएल हेच ते दान कूळ, असे ठरवले होते. त्या निवाड्यावर बोट ठेवून १९७३ साली इस्राएलमधले मुख्य धर्मगुरू ओवादिया योसेफ म्हणाले, हे दान कुळातले, हे आपलेच. १९७५ साली सरकारने ते मानले.

त्यानंतर इथिओपियात दुष्काळ आणि यादवी माजली. हजारो लोक सुदानकडे पायी निघाले. पुष्कळ जण वाटेत आणि छावण्यांत मेले. १९८४-८५ मध्ये काही हजार लोकांना विमानांनी गुपचूप इस्राएलला नेले. १९९१ च्या मे महिन्यात तर सुमारे ३६ तासांत १४,००० हून जास्त माणसे नेली. विमानांतल्या खुर्च्या काढून माणसे दाटीने बसवली. हजार वर्षांपूर्वी एका प्रवाशाने सांगितलेली, पुराव्याने कधीच न ठरलेली गोष्ट. तिच्या आधाराने माणसे जगली. मात्र तिथे गेल्यावरही त्यांना बरोबरीच्या मानासाठी झगडावे लागले.

आपल्या देशाच्या पूर्व टोकाला मिझोराम आणि मणिपूर आहेत. तिथलेही काही लोक आपल्याला मनश्शे कुळाचे म्हणवतात. त्यांच्या जुन्या गाण्यांत मनमासी नावाचा पूर्वज आहे. रक्ताच्या तपासणीतून ठाम पुरावा मिळाला नाही. तरी २००५ साली इस्राएलच्या एका मुख्य धर्मगुरूने त्यांचा दावा मानला. रीतसर ज्यू धर्माची दीक्षा घेऊन हजारो जण तिकडे गेले आहेत.

गोष्ट कशी पारखावी

आता तुम्ही विचाराल, "मग दहा कुळं सापडली का?" नाही. सापडण्यासारखी वेगळी उरलीच नव्हती. गोष्ट मात्र उरली. ती ज्याच्या हाती पडली, त्याने तिचे आपल्या मनासारखे केले. कोणाला आसरा मिळाला, कोणी जळून मेला, कोणाची जमीन गेली.

आपल्या गावातही अशा गोष्टी असतात. अमके घराणे राजाच्या वंशातले. तमके बाहेरून आलेले. ही देवराई त्यांच्या पूर्वजांची, यांची नव्हे. अशी गोष्ट ऐकली, की तीन प्रश्न विचारावे. ही गोष्ट कोणी सांगितली? घडल्यावर किती वर्षांनी सांगितली? आणि ती खरी मानली तर कोणाचे काय वाढते, कोणाचे काय जाते?

तिसरा प्रश्न विसरू नये. गोष्ट ऐकायला, सांगायला हरकत नाही. घराण्याचा अभिमान धरायलाही हरकत नाही. पण माणसाचे घर, जमीन, लग्न आणि मान त्याच्या खापरपणज्याच्या गोष्टीवर टांगून ठेवू नये. नवगावचा तेली शनिवारी घाणा थांबवीत होता. तो कोणत्या कुळातला, हे त्याच्या गावाने कधी विचारले नाही.

आणि एक गोष्ट तुमच्या हातातली. तुम्ही आता लिहायला शिकला आहात. घरात म्हातारे माणूस असेल, तर त्याच्याजवळ बसा. आजा कुठून आला, आजी कोणत्या गावची, विहीर कोणी खणली, दुष्काळात काय खाल्ले, हे विचारा. ते सांगतील तसे वहीत उतरवा. वर तारीख घाला. सांगणाऱ्याचे नाव घाला. जे डोळ्यांनी पाहिले ते वेगळे लिहा, जे ऐकले ते वेगळे लिहा.

सांगा पाहू

१. उत्तरेकडची दहा कुळे फुटून का निघाली?
२. असिरियाचे राजे जिंकलेल्या लोकांना दूर का नेत?
३. पोपने आणि पोर्तुगालच्या राजाने रऊबेनीचा मान का ठेवला?
४. गावकरी बेने इस्राएल लोकांना शनवार तेली का म्हणत?
५. अमेरिकेतल्या मातीच्या उंचवट्यांविषयीच्या गोष्टीने कोणाचा फायदा झाला? कोणाचे नुकसान झाले?
६. तुमच्या गावाच्या नावाची एखादी गोष्ट आहे का? ती कोणाकडून ऐकली? दहा ओळींत लिहा.